अर्सुला ले ग्विन : निरोप क्षणात पोचतो, माणूस पोचत नाही

पाऊलखुणा (धागाकर्ती)

आधीच सांगते, खाली कथानकं शेवटापर्यंत उघड केली आहेत. ज्यांना कोरं वाचायचंय त्यांनी इथूनच मागे फिरा.

गेलं वर्षभर मी अर्सुला ले ग्विन यांची पुस्तकं जमेल तितकी लिहिलेल्या क्रमाने वाचतेय. जन्म १९२९, बर्कली, कॅलिफोर्निया. मृत्यू २०१८, पोर्टलंड, ऑरेगन. मधल्या काळात वीसच्या वर कादंबऱ्या, शंभराहून जास्त कथा, कविता, निबंध. यातल्या मोठ्या भागाला 'हेनिश' विश्व म्हणतात. हेन नावाच्या ग्रहावरच्या माणसांनी फार फार पूर्वी आकाशगंगेत वस्त्या केल्या, मग त्या विसरल्या गेल्या, आणि आता हे सगळे दुरावलेले भाऊबंद एकमेकांना पुन्हा सापडताहेत, अशी त्याची बैठक. आपली पृथ्वीही त्यातलीच एक वस्ती.

मला बोलायचंय ते या विश्वातल्या एका नियमाबद्दल.

१९६४ साली 'ॲमेझिंग' मासिकात त्यांची एक छोटी कथा आली होती. पुढे ती 'सेम्लीज नेकलेस' या नावाने ओळखली गेली. सेम्ली ही एका खालावलेल्या सरदार घराण्यातली तरुण बाई. लग्नात हुंडा आणता आला नाही ही तिची खंत. नवऱ्याने कधी बोलून दाखवलेलं नाही, पण तिला ते सलतं. माहेरच्या घराण्याचा निळ्या रत्नाचा हार पिढ्यांपूर्वी हातचा गेलाय. लहान मुलीला नणंदेच्या ओटीत ठेवून ती तो शोधायला निघते. जमिनीखाली राहणारे कारागीर लोक तिला सांगतात, हार आहे, दूर आहे, पण प्रवास फक्त एका लांब रात्रीचा आहे. ती त्यांच्या यानात बसते. परक्या जगातल्या एका संग्रहालयात पोचते. तिथली माणसं काचेआडचा हार काढून मुकाट तिच्या हातात देतात. ती परत येते. तिच्या लेखी खरंच एक रात्र गेलेली असते. घरी नवरा लढाईत मरून वर्षं झालेली, नणंद पिकलेली, आणि समोर जवळजवळ तिच्याच वयाची एक मुलगी उभी. ती तिचीच लेक. सेम्ली हार तिच्यापुढे टाकते आणि रानात पळून जाते.

मला ही गोष्ट वाचून दोन दिवस दुसरं काही वाचवलं नाही. 'एका लांब रात्रीचा प्रवास' हे वाक्य खोटं नाही. ते फक्त प्रवास करणारीच्या बाजूने खरं आहे. प्रकाशाच्या वेगाच्या जवळ गेलं की प्रवाशाचा काळ मंद चालतो, हे आइनस्टाइनने १९०५ साली मांडलं. आपण ते शाळेत जुळ्या भावांच्या उदाहरणाने शिकलो. ले ग्विननी त्या जुळ्यांच्या जागी आई आणि लेक ठेवली.

दोन वर्षांनी, १९६६ साली, 'रोकॅनन्स वर्ल्ड' या पहिल्या कादंबरीत हीच कथा प्रस्तावना म्हणून आली, आणि त्याच पुस्तकात त्यांनी 'अँसिबल' हे यंत्र आणलं. कितीही प्रकाशवर्षं अंतर असो, निरोप तत्क्षणी पोचतो. आता दोन्ही एकत्र धरून बघा. तुम्ही शंभर प्रकाशवर्षांवरच्या माणसाशी आत्ता, या मिनिटाला बोलू शकता. पण त्याला भेटायला निघालात तर पोचेपर्यंत तो नसेल, आणि परत आलात तर तुमचं इथलं कुणी नसेल.

बहुतेक विज्ञानकथा अंतराची अडचण एखादं इंजिन बसवून उडवून लावतात. यांनी ती उडवली नाही. बोलण्यातलं अंतर काढलं, भेटण्यातलं ठेवलं. मला वाटतं त्यांची अर्ध्याहून जास्त पुस्तकं या फटीत बसलेली आहेत. 'विंटर्स किंग' कथेत एक राजा तान्ह्या बाळाला गादीवर ठेवून दुसऱ्या ग्रहावर जातो आणि साठ वर्षांनी तरुणच परततो. बाळ म्हातारं होऊन, वाईट राज्य करून, मेलेलं असतं. तरुण आई-बाप आणि म्हाताऱ्या मुलाचं प्रेत, हे एकच चित्र त्या कथेच्या सुरुवातीला आहे.

आणि मग १९९४ सालची 'अनदर स्टोरी'. हिदेओ 'ओ' नावाच्या शेतकरी ग्रहावरचा. आई पृथ्वीवरून आलेली, जपानी मुळांची. ती त्याला लहानपणी समुद्रतळाच्या राजकन्येबरोबर गेलेल्या कोळ्याची गोष्ट सांगते. तो कोळी परततो तेव्हा गावात त्याला ओळखणारं कुणीच उरलेलं नसतं. हिदेओ भौतिकशास्त्र शिकायला हेनवर जातो. अंतर चार प्रकाशवर्षं. म्हणजे जाऊन येऊन घरची आठ वर्षं. घरात जिचा त्याच्यावर जीव होता त्या इसिद्रीलाही तो मागे सोडून जातो. तो अंतर पुसून टाकणाऱ्या तंत्रावर आयुष्य घालवतो, स्वतःवर प्रयोग करतो, आणि घरी पोचतो, पण अठरा वर्षं आधीच्या घरी. त्याचं जाणं अजून पक्कं झालेलं नाही त्या दिवशी.

सेम्लीपासून हिदेओपर्यंत तीस वर्षं आहेत. तीस वर्षांनी त्यांनी कुणाला तरी एकदा वेळेवर घरी पोचू दिलं. मी त्या पानावर रडले.

तुम्हाला त्यांच्या जगांत सगळ्यात आत काय दिसतं? लिहा.

---

उत्तरध्रुव

फार मनापासून लिहिलंय. 'द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस' (१९६९) माझं सर्वात आवडतं, तर त्यातल्या दोन जागा तुमच्या मुद्द्याला जोडतो.

गेन्ली आय हा दूत एकटाच गेथेन या बर्फाळ ग्रहावर आलाय. त्याचे साथीदार सूर्याभोवती फिरणाऱ्या यानात निद्रावस्थेत आहेत. त्याला तिथल्या कार्हाइड या देशाच्या राजाला पटवायचंय की आकाशात इतर माणसं आहेत. पुरावा म्हणून तो अँसिबल दाखवतो. राजा म्हणतो, विचार तुझ्या लोकांना, माणूस गद्दार कशाने होतो? कारण त्याच दिवशी पंतप्रधान एस्त्रावेनला त्याने गद्दार ठरवून हद्दपार केलंय. प्रश्न क्षणात पोचतो. उत्तर येतं त्याचा आशय असा: माहीत नाही, स्वतःला कुणीच गद्दार समजत नाही, त्यामुळे हे शोधणं अवघड आहे. राजा वैतागतो. कित्येक प्रकाशवर्षं पार करून आलेलं उत्तर, आणि ते प्रामाणिक आहे म्हणूनच त्याच्या कामाचं नाही.

दुसरी जागा बर्फातली. गेन्ली आणि एस्त्रावेन छावणीतून सुटून गोब्रिन हिमपठार ओलांडताहेत, स्लेज ओढत, ऐंशीच्या आसपास दिवस. रात्री तंबूत एस्त्रावेन विचारतो, आईवडील आहेत का? गेन्ली म्हणतो, त्यांना जाऊन ७० वर्षं झाली. गेन्ली स्वतः तिशीचा. एस्त्रावेन ते ऐकून गप्प होतो आणि मग त्याला उमगतं की या माणसाने दूत होण्यासाठी काय सोडलंय. तोवर त्याने गेन्लीवर विश्वास ठेवलेला असतोच, पण किंमत त्या रात्री कळते. पूर्ण पुस्तकात मला ती रात्र सगळ्यात जवळची वाटते.

---

तळटीप

धागा उत्तम. दोन-तीन गोष्टींची भर घालतो, कारण 'हेनिश विश्व' म्हटलं की सगळं आखून लिहिलंय असा समज होतो.

ते तसं नाही, आणि ले ग्विन हे स्वतः मोकळेपणी सांगत. त्या कथा लिहीत गेल्या, जोडण्या नंतर झाल्या, काही झाल्याच नाहीत. 'वेरेल' हे नाव दोन वेगळ्या ग्रहांना पडलंय, कारण पहिलं वापरलेलं त्या विसरल्या. 'रोकॅनन्स वर्ल्ड'मध्ये माणूस नसलेली यानं प्रकाशाहून वेगाने जाऊ शकतात, जिवंत माणूस बसला तर तो मरतो. पुढे हा फरक जवळजवळ गायब होतो. आणि शोधाचा क्रम उलटा आहे. अँसिबल पुस्तकात आलं १९६६ साली, पण ते ज्याच्या गणितातून जन्मलं त्या शेवेकची गोष्ट 'द डिस्पोझेस्ड' आली १९७४ साली.

त्याच रोकॅननचा शेवट धागाकर्तीने घेतला नाही म्हणून मी घेतो. साथीदार मारले गेलेत, तो त्या ग्रहावर अडकलाय. शत्रूच्या तळावर शिरून त्यांच्याच अँसिबलवरून तो आपल्या लोकांना जागा कळवतो. निरोप लगेच पोचतो, तळ नष्ट होतो. पण त्याला न्यायला यान यायला वर्षं लागणार. ते येतं तेव्हा तो गेलेला असतो. त्या ग्रहाला आपलं नाव दिलंय हे त्याला कधीच कळत नाही.

आणखी एक. पूर्ण नाव अर्सुला के. ले ग्विन, त्यातला 'के' म्हणजे क्रोबर. वडील आल्फ्रेड क्रोबर हे अमेरिकेतले मोठे मानववंशशास्त्रज्ञ. आई थिओडोरा यांनी 'याही' नावाच्या अमेरिकेतल्या आदिवासी जमातीच्या शेवटच्या माणसाचं, इशीचं, चरित्र १९६१ साली लिहिलं. इशी १९११ साली रानातून बाहेर आला, उरलेली वर्षं एका संग्रहालयात राहिला, १९१६ साली गेला. त्याची भाषा घरची म्हणून बोलणारं दुसरं कुणी उरलं नव्हतं. अर्सुला यांचा जन्म त्यानंतरचा. पण त्या वाढल्या त्या याच आईवडिलांच्या घरात. संग्रहालयात हार मागायला आलेली सेम्ली वाचताना मला इशी आठवतो. हा माझा समज आहे, पुरावा म्हणून सांगत नाही.

---

रानवाट

'अँसिबल' हा शब्द 'आन्सरेबल'वरून आलाय, हे इथे कुणी म्हटलं नाही अजून. आन्सरेबल म्हणजे उत्तर देता येण्याजोगं, आणि जाब द्यायला बांधील असलेलंही. मराठीत दुसऱ्या अर्थासाठी 'जाब' हा किती चांगला शब्द आहे.

'द वर्ड फॉर वर्ल्ड इज फॉरेस्ट' (१९७२) वाचा या दृष्टीने. आथ्शे नावाचा जंगलांचा ग्रह. तिथल्या भाषेत जंगल आणि जग यांना एकच शब्द. पृथ्वीवरची माणसं लाकडासाठी आलीत, तिथल्या लोकांना गुलाम केलंय. पृथ्वी २७ प्रकाशवर्षं दूर. म्हणजे वरून हुकूम येईपर्यंत एक पिढी जाते, आणि तोवर इथे काय चाललंय ते विचारणारं कुणी नाही. मग एक यान येतं आणि अँसिबल ठेवून जातं. एका दिवसात हुकूम: गुलामी बंद. ज्यांना सत्तावीस वर्षांचं अंतर पडदा म्हणून वापरायची सवय झाली होती त्यांना आता रोज संध्याकाळी उत्तर द्यायचंय. कॅप्टन डेव्हिडसन ते मानतच नाही, हे यंत्रच बनाव आहे म्हणतो, आणि जाळपोळ चालू ठेवतो.

व्हिएतनाम युद्ध चालू असताना लिहिलेली कादंबरिका आहे, राग लपवलेला नाही. म्हणून ती काहींना उथळ वाटते. मला नाही वाटत. आथ्शेचा सेल्व्हर लढायला शिकतो आणि जिंकतो, पण त्याआधी त्याच्या लोकांना माणूस मारणं म्हणजे काय हे ठाऊक नव्हतं, आता ते ठाऊक झालंय. परके निघून गेल्यावरही ते ज्ञान जात नाही. हा शेवट लिहायला उथळ माणूस पुरत नाही.

---

मातीचं भांडं

मी थोडी विरुद्ध बाजूने. 'द डिस्पोझेस्ड' मी दोनदा अर्धवट सोडलं. त्यातल्या अनारेस या सरकार आणि मालकी नसलेल्या जगातल्या सभा, कामवाटप, समित्या, मला दम लागला. आणि 'परत येणं' हेच त्यांचं सूत्र असेल तर 'ओमेलास'चं काय करायचं? १९७३ सालची कथा. सुखी नगर, आणि त्या सगळ्यांचं सुख तळघरात कोंडलेल्या एका मुलाच्या हालांवर उभं. बहुतेक जण ते बघतात, हळहळतात, आणि राहतात. काही जण नगर सोडून चालू लागतात. ते परत येत नाहीत. लेखिका म्हणते की ते जिथे जातात त्या जागेची कल्पनाही करवत नाही. मग?

माझ्या मते सगळ्यात आत आहे ती 'पिशवी'. १९८६ साली त्यांनी एक निबंध लिहिला, की माणसाचं पहिलं अवजार भाला नसून काहीतरी गोळा करून घरी आणायचं भांडं, झोळी असेल. आणि कादंबरी ही भाल्यासारखी सरळ सुटणारी गोष्ट नसून झोळीसारखी, पुष्कळ गोष्टी एकमेकींशेजारी ठेवणारी असते. 'ऑलवेज कमिंग होम' (१९८५) अक्षरशः अशी आहे. दूरच्या भविष्यातल्या उत्तर कॅलिफोर्नियातले केश लोक, त्यांच्या कविता, नकाशे, पाककृती, विधी, नाटकं, आणि मध्ये मध्ये एका बाईचं आत्मचरित्र. पहिल्या आवृत्तीबरोबर त्या लोकांच्या गाण्यांची कॅसेटसुद्धा होती. मी ते पुस्तक सलग वाचलंच नाही. उघडेल तिथून वाचते.

---

पाऊलखुणा

@मातीचं भांडं, ओमेलासचं तुम्ही बरोबर बोललात. माझ्याकडे उत्तर नाही. ती कथा माझ्या मांडणीत बसत नाही आणि ओढून बसवायची नाहीये.

पण झोळीचा निबंध वाचताना मला लागलेली गोष्ट म्हणजे झोळी घरी आणायची असते. भाला सुटतो तो सुटतो.

'द डिस्पोझेस्ड'ला अजून एक संधी द्या. सभांची प्रकरणं पटापट उलटा आणि शेवेक आणि त्याची जोडीदार ताक्वेर यांच्या ताटातुटीपासून वाचा. दुष्काळ आहे, दोघांना कामासाठी वेगवेगळ्या टोकांना जावं लागतं, चार वर्षं. इथे प्रकाशवर्षं नाहीत, एकाच ग्रहावरची दोन गावं आहेत. तरी तेच. तो परततो तेव्हा तान्ही सोडलेली मुलगी सादिक चालती-बोलती झालेली. आणि पुढे उरास या शेजारच्या ग्रहावरून तो परत निघतो ते रिकाम्या हाताने. आपलं सूत्र तो एका सरकारला न विकता सगळ्या जगांना एकदम देऊन टाकतो. त्या समाजाच्या संस्थापिकेच्या, ओडोच्या, थडग्यावर कोरलंय त्याचा अर्थ असा की खरा प्रवास म्हणजे परत येणं.

@तळटीप, इशीचं मनात घर करून राहिलं.

---

अनुस्वार

माझा मुद्दा भाषेचा. मी गेले काही महिने 'लेफ्ट हँड'ची काही पानं फक्त स्वतःसाठी मराठीत आणून बघतोय. जे अनुभवलं ते लिहितो.

गेथेनवरची माणसं ना स्त्री ना पुरुष. साधारण २६ दिवसांचं चक्र, त्यातले थोडे दिवस 'केमर'चे, तेव्हा शरीर एका बाजूला झुकतं, आणि कुठल्या बाजूला ते आधी ठरलेलं नसतं. एकच माणूस एका मुलाचा बाप आणि दुसऱ्याची आई असू शकतो. बघा, 'शकतो'. हीच अडचण.

लेखिकेने इंग्रजीत सगळ्यांना पुल्लिंगी सर्वनाम वापरलं. त्यावर टीका झाली. १९७६ सालच्या निबंधात त्यांनी आधी त्याचं समर्थन केलं, नंतरच्या वर्षांत त्याच निबंधाला टिपा जोडून आपलंच म्हणणं खोडलं. 'विंटर्स किंग' १९७५ सालच्या संग्रहात घेताना तर गेथेनी लोकांना स्त्रीलिंगी सर्वनाम दिलं, आणि 'राजा' हा शब्द तसाच ठेवला. आपलं चुकलं असं छापील सांगणारे लेखक मी फार पाहिले नाहीत.

पण इंग्रजीत प्रश्न एका सर्वनामाचा आहे. मराठीत क्रियापदही लिंग सांगतं. गेला-गेली, आलो-आले. एस्त्रावेनची डायरी प्रथमपुरुषी आहे. इंग्रजीत 'मी' म्हटलं की लिंग लपतं, मराठीत पहिल्याच क्रियापदाला उघडं पडतं. मला वाटलं, संपलं, हे पुस्तक मराठीत होणार नाही.

मग एकेक वाट दिसत गेली. सकर्मक क्रियापदाचा भूतकाळ घ्या. 'एस्त्रावेनने तंबू उभारला, शेगडी पेटवली, पाणी उकळलं.' उभारला हा तंबू, पेटवली ती शेगडी, उकळलं ते पाणी. उभारणारा माणूस कोण ते क्रियापद सांगतच नाही. शाळेत कर्मणी प्रयोग पाठ केला होता तो या कामाला येईल असं वाटलं नव्हतं. मग 'झोपला' अडलं. 'झोप लागली' लिहिलं. 'हसली' अडलं, 'हसू आलं'. 'थकला' अडलं, 'थकवा आला'. मराठीत माणसाला गोष्टी होतात, येतात, लागतात, सुचतात, आठवतात, आणि माणूस वाक्यात 'ला' लावून बाजूला बसतो. भविष्यकाळात 'मी जाईन' बाईही म्हणते, पुरुषही म्हणतो. राजाच्या गरोदरपणाचं त्या पुस्तकातलं प्रसिद्ध वाक्य आहे. 'राजा गरोदर होता' हे मराठीत कानाला अडखळतं. 'राजाला दिवस गेले होते' हे अडखळत नाही.

आणि इथे मी थांबलो, कारण हे सगळीकडे केलं तर पुस्तक बिघडेल. गेन्लीची खोट हीच आहे की तो सगळ्यांना पुरुष समजतो, आणि जिथे काही आवडलं नाही तिथे ते 'बायकी' ठरवतो. त्याच्या प्रकरणांत 'तो आला, तो म्हणाला' हेच हवं. डायरीत मात्र लिंग दिसता कामा नये. आणि बर्फावरच्या तंबूत, एस्त्रावेनचा केमर सुरू होतो त्या रात्री, गेन्लीला पहिल्यांदा समोरचा माणूस आहे तसा पूर्ण दिसतो. तिथून पुढे गेन्लीची क्रियापदं बदलायला हवीत. इंग्रजीत हे करता आलं नसतं. मराठीत येईल. मी अजून तिथवर पोचलेलो नाही.

---

उत्तरध्रुव

अनुस्वार, हा प्रतिसाद मी तीनदा वाचला. तिथून पुढे क्रियापदं बदलली तर शेवटचा प्रसंग किती वेगळा वाचला जाईल! गेन्लीचे साथीदार इतक्या वर्षांनी यानातून उतरतात. त्याची स्वतःची माणसं. आणि त्याला ती विचित्र वाटतात. पुरुषांचे आवाज फार जाड, बायकांचे फार बारीक, जणू दोन वेगळ्या जातींचे मोठे प्राणी. निरोप त्यानेच पाठवलेला, माणसंही पोचली. तोच परतू शकत नाही.

---

ओंजळ

भाषेवरून आठवलं. अनारेसवरची प्रॅव्हिक भाषा मुद्दाम बनवलेली आहे, मालकी दाखवणारी सर्वनामं त्यात फारशी वापरत नाहीत. इंग्रजी वाचकाला त्याचं नवल वाटावं म्हणून लेखिका उदाहरण देते की 'माझा हात दुखतो' असं न म्हणता 'हात मला दुखतो' अशा धर्तीवर म्हणतात. मी ते वाचून थबकले, कारण घरी आपण 'हात दुखतोय' एवढंच म्हणतो. 'माझा' कोण लावतं? 'आई म्हणाली' म्हणतो, 'माझी आई म्हणाली' परक्याजवळ. आणि इंग्रजीत ज्याला 'असणं-बाळगणं'चं एकच क्रियापद आहे ते आपल्याकडे नाहीच. वस्तू 'माझ्याकडे आहे', म्हणजे सध्या माझ्या बाजूला आहे.

छोटी सादिक बापाला रुमाल देते तो प्रसंग आठवा. चार वर्षांनी भेटलेला बाप. ती म्हणते, मी वापरते तो रुमाल तूही वापर. 'माझा रुमाल' हा शब्दप्रयोग तिच्या तोंडी येत नाही. अख्ख्या पुस्तकातलं तत्त्वज्ञान त्या रुमालात आहे, आणि ती सात-आठ शब्दांत बोलून मोकळी होते.

जाता जाता 'द टेलिंग' (२०००) सुचवते. सुट्टी नावाची भारतीय वंशाची निरीक्षक आका ग्रहावर पोचते. ती प्रवासात असतानाच तिथल्या सरकारने जुनी लिपी बंद केलीय, पुस्तकं नष्ट केलीत. जे शिकायला निघाली होती ते पोचेपर्यंत नाहीसं झालेलं. डोंगरात लपवलेली पुस्तकं आणि गोष्टी सांगणारी म्हातारी माणसं, एवढंच उरलंय. पाऊलखुणा, तुमचा नियम इथेही आहे.

---

तळटीप

@ओंजळ, 'द टेलिंग' मी विसरलोच होतो, धन्यवाद. 'अर्थसी' मालिकेवर वेगळा धागा काढू, तिथे मंत्र म्हणजे वस्तूचं खरं नाव, इथे शिरलं तर हा धागा भरकटेल.

नव्याने सुरू करणाऱ्यांसाठी: 'लेफ्ट हँड'ची पहिली पन्नास पानं जड जातात, नावं लक्षात राहत नाहीत. नावं सोडून द्या, थंडी लक्षात ठेवा. ती प्रकरणं एकदा मागे पडली की पुस्तक हातातून सुटत नाही.

---

पाऊलखुणा

@अनुस्वार, एक विचारायचं राहिलं. एस्त्रावेन सरहद्दीवर गोळ्यांनी मरतो. तो वर्षानुवर्षं आपल्या गावी, एस्त्रेला, जाऊ शकलेला नसतो. शेवटच्या प्रकरणात गेन्ली त्याच्या डायऱ्या घेऊन तिथे जातो. म्हातारं पालक आणि एस्त्रावेनचं मूल, सोर्वे. ते मूल गेन्लीला विचारतं की तो कसा मेला ते सांगाल का, आणि दुसऱ्या जगांबद्दल सांगाल का. पुस्तक तिथे संपतं. 'कसा मेला' म्हटलं की पुन्हा लिंग आलं. तोपर्यंत इतकं सांभाळून आणल्यावर शेवटच्या ओळीत?

---

अनुस्वार

हो, ती ओळ मी आधीच करून ठेवलीय, मधली दोनशे पानं नसताना. बरेच दिवस अडलो होतो. मग लक्षात आलं की एस्त्रे हे जुनं, रीतीचं घर आहे, आणि मूल आपल्या गेलेल्या पालकाबद्दल पाहुण्याशी बोलतंय. ते एकेरी बोलणारच नाही. 'त्यांना' म्हणेल. आणि मराठीत 'त्यांना' बाप असला तरी तेच, आई असली तरी तेच.

'त्यांना मरण कसं आलं, ते सांगाल?'